मास्तर कृष्णराव : रंगभूमीवरून रजतपटावर

छत्रपति संभाजीनगराहून अजिंठ्याच्या लेण्यांकडे निघालेला प्रवासी सिल्लोडच्या वाटेला लागला म्हणजे थोड्याच वेळांत त्यास फुलंब्री हें गांव लागतें. गाडी तेथें क्षणभर थांबते, कोणी चढतो, कोणी उतरतो, आणि प्रवाशाचें चित्त अजिंठ्याच्या चित्रांकडे लागलेलें असल्यामुळें गांवाचें नांव त्याच्या कानांवरून नुसतें वाहून जातें. परंतु महाराष्ट्राच्या संगीताच्या इतिहासांत हें नांव कायमचें जाऊन बसलें आहे, तें एका आडनांवाच्या रूपानें. कृष्णराव गणेश फुलंब्रीकर, म्हणजेच आमच्या वडील पिढीचे ‘मास्तर कृष्णराव’, हे तें आडनांव धारण करीत होते. ज्यांच्या चाली आमच्या घरांघरांत गुणगुणल्या गेल्या, त्यांच्या नांवांत आपल्या जिल्ह्याचें एक गांव आहे, ही गोष्ट येथील पुष्कळ मंडळींस ठाऊक नसते. म्हणून आज त्यांच्याविषयीं चार शब्द लिहावे असें मनांत आलें.

कृष्णरावांचा जन्म मात्र फुलंब्रीस झाला नाहीं. तो २० जानेवारी १८९८ रोजीं देवाच्या आळंदीस झाला. पैठणजवळच्या आपेगांवचें कुळ आळंदीस जाऊन अमर झाल्याचें उदाहरण मराठी माणसाला नवें नाहीं, आणि म्हणूनच ह्या दुसऱ्या योगायोगाचें आम्हांस अंमळ कौतुक वाटतें. मुलगा गोड गळ्याचा निघाला. त्या काळीं गोड गळ्याच्या मुलाची वाट बहुधा नाटकमंडळीच्या बिऱ्हाडाकडेच जात असे. नाट्यकलाप्रवर्तक मंडळींत तो बालवयांतच दाखल झाला आणि ‘संत सखू’ नाटकांत विठोबाचें काम करणारा चिमुकला नट म्हणून लोकांनीं त्यास प्रथम पाहिलें. त्याच मंडळींत सवाई गंधर्व होते, म्हणजे कानांवर पडणारें पहिलें गाणेंच उंचीचें. बालनटांस ‘मास्तर’ म्हणण्याची तेव्हां रीत होती. पुढें मिशी फुटली कीं ही उपाधि आपोआप गळून पडत असे. कृष्णरावांच्या बाबतींत मात्र ती मरेपर्यंत राहिली, आणि ती किती सार्थ होती हें पुढें येईलच.

खरें शिक्षण झालें तें गायनाचार्य भास्करबुवा बखले ह्यांच्यापाशीं. बुवांनीं स्वतः फैज महंमदखां, नथ्थनखां व अल्लादियाखां ह्या तीन थोर गुरूंच्या पायांशीं बसून तीन घराण्यांची विद्या एका गळ्यांत सांठविली होती. तरीहि नाटकाला चाली देण्यांत त्यांना कमीपणा वाटला नाहीं. १९१६ सालच्या ‘स्वयंवर’ नाटकाच्या चाली त्यांच्याच. रागदारीच्या भारी भारी बंदिशी त्यांनीं रुक्मिणीच्या मुखीं घातल्या आणि सामान्य प्रेक्षक नकळत भूप, यमन, भीमपलास ऐकावयास शिकला. शिष्यानें गुरूपासून राग घेतले, ताना घेतल्या, पण त्याहूनहि मोलाची गोष्ट घेतली ती ही, कीं उत्तम विद्या चारचौघांच्या तोंडीं बसवितां येते व तशी बसविल्यानें ती बाटत नाहीं. १९२२ सालीं बुवा वारले. पुण्यास त्यांनीं काढलेल्या भारत गायन समाजाची धुरा पुढें पुष्कळ वर्षें कृष्णरावांनीं वाहिली, आणि गंधर्व नाटक मंडळींत बालगंधर्वांच्या जोडीस उभे राहून नट व गायक म्हणून लौकिकहि मिळविला.

१९३१ च्या नोव्हेंबरांत गंधर्व मंडळींनीं ‘कान्होपात्रा’ रंगभूमीवर आणलें. त्याच्या चाली कृष्णरावांच्या. संतांचे अभंग वारकऱ्यांच्या दिंडींत लोक नित्य ऐकत होतेच. त्यांना रागाचा साज चढवूनहि त्यांतला आर्त भाव रेसभरहि कमी होऊं न देणें हें सोपें काम नव्हे. आमच्या मतें कृष्णरावांनीं कांहीं एक केलें नसतें आणि एवढें एक नाटक मागें ठेविलें असतें, तरी त्यांचें नांव राहिलें असतें.

परंतु त्याच वर्षीं, १९३१ मध्यें, मुंबईस ‘आलम आरा’ हा पहिला हिंदी बोलपट झळकला होता. आणि ज्या रंगभूमीनें कृष्णरावांस वाढविलें तिच्या पायाखालची जमीन सरकावयास लागली होती. ही गोष्ट केवळ आपल्याकडचीच नव्हे. पडदा बोलूं लागतांच सगळ्या जगांत गाणाऱ्या माणसांना एकाएकीं मागणी आली. अमेरिकेंत १९२७ सालीं बोलपटाची वाट उघडली ती अल् जोल्सन ह्या गवयानें. दक्षिण अमेरिकेंत अर्जेंटिनाचा पहिला लक्षणीय बोलपट १९३३ सालीं निघाला, त्याचें नांवच तेथील लोकप्रिय गाण्यावरून ‘टँगो’ असें ठेविलेलें होतें. आणि त्या देशाचा लाडका गायक कार्लोस गार्देल हा पॅरिस व न्यूयॉर्क येथें बोलपटांत नट म्हणून चमकला, त्यांतल्या गाण्यांच्या चालीहि तो स्वतः करी. इकडे ‘प्रभात’चा पहिला बोलपट ‘अयोध्येचा राजा’ १९३२ सालीं निघाला, त्यांत हरिश्चंद्राची भूमिका करणारे व गाण्यांना चाली देणारे एकच गृहस्थ होते, गोविंदराव टेंबे. नट आणि संगीतकार एकाच देहांत नांदण्याची ही परंपरा रंगभूमीनेंच चित्रपटाला आंदण दिली होती. कृष्णराव तिचे दुसरे मोठे वारसदार.

त्यांचा ह्या नव्या घरांत प्रवेश झाला तो १९३५ सालीं, आणि तोहि आपल्या पैठणच्या वाटेनें! ‘प्रभात’नें संत एकनाथांच्या चरित्रावर चित्रपट काढावयाचें ठरविलें, दिग्दर्शन शांतारामबापूंचें, आणि नाथांची भूमिका खुद्द बालगंधर्वांची. चित्रपटाचें नांव ‘महात्मा’ असें होतें. परंतु त्या नांवांत सेन्सॉरला गांधींचा वास आला आणि तें बदलून ‘धर्मात्मा’ करावें लागलें. अस्पृश्याच्या घरीं जेवणारे नाथ, त्यांस विरोध करणारा त्यांचाच विद्वान् पुत्र हरिपंडित, आणि गोदेच्या घाटावरचा तो सनातनी कोलाहल, ही कथा आमच्या ब्राह्मणी घरांतून त्या काळीं किती खळबळ उडवून गेली असेल ह्याची कल्पना वाचकांनींच करावी.

आयुष्यभर शालू नेसून रसिकांस वेड लावणाऱ्या बालगंधर्वांना सत्तेचाळिसाव्या वर्षीं पुरुषवेषानें कॅमेऱ्यापुढें उभें राहावें लागलें. तेथें समोर प्रेक्षक नव्हता. ‘वन्स मोअर’ नव्हता. पद रंगलें कीं तें दुसऱ्यांदां, तिसऱ्यांदां नव्या हरकतींनीं खुलवावयाचें, ही ज्यांची सारी जिंदगी, त्यांना तुकड्यातुकड्यांनीं, खडूनें आखलेल्या रेघेवर उभें राहून गावयाचें होतें. त्यांचा जीव तेथें रमला नाहीं, आणि ‘प्रभात’शीं झालेली त्यांची भागीदारी ह्या एका चित्रपटावरच संपली. त्याच मंडळींत वाढलेले कृष्णराव मात्र ‘प्रभात’मध्यें राहिले. एकाच झाडाच्या दोन फांद्या, एकीला नवी माती मानवली नाहीं व दुसरी तींत रुजली. असें कां व्हावें?

ह्याचें उत्तर त्या काळच्या कामाच्या रीतींत आहे असें आम्हांस वाटतें. आधीं गाणें मुद्रित करावयाचें नि मग नटानें नुसते ओंठ हालवावयाचे, ही पद्धत आपल्या देशांत प्रथम १९३५ सालीं कलकत्त्याच्या न्यू थिएटर्सनें ‘धूपछांव’मध्यें आणली, ती सर्वत्र रूढ व्हावयास आणखी कांहीं वर्षें लागलीं. तोंपर्यंत पडद्यावर जो दिसे त्यानेंच प्रत्यक्ष गावयाचें, आणि वादकांनीं कॅमेऱ्याच्या नजरेबाहेर, पडद्याआड किंवा झाडाआड बसून साथ करावयाची, असा प्रकार असे. म्हणजे संगीतकाराला चाल बांधून सुटका नव्हती. समोरच्या नटीचा गळा केवढा, दम किती, सूर कोठें डळमळतो, हें पारखून चाल तिच्या अंगाबरहुकूम बेतावी लागे आणि मग ती तिच्याकडून घोटून घ्यावी लागे. हें शिंप्याचें काम आहे आणि शिक्षकाचेंहि. येथें ‘मास्तर’ ही उपाधि उपयोगी पडली! शिवाय ध्वनिमुद्रिकेच्या एका बाजूवर तीन साडेतीन मिनिटांहून अधिक गाणें मावत नसे. तेवढ्यांत स्थायी, अंतरा, मधले वाद्यांचे तुकडे, सर्व बसवावयाचें. कृष्णरावांची मूळ गायकीच चपळ होती. ते मैफलींतहि रागाला फार वेळ आळवीत बसणारांपैकीं नव्हते, झटकन् रंग भरून पुढें जाणारे होते. जो गुण मैफलींत कांहीं पंडितांच्या डोळ्यांत सलत असे, तोच चित्रपटांत कामीं आला.

पुढच्याच वर्षीं, १९३६ सालीं, ‘अमरज्योति’ निघाला. समुद्रावर चांचेगिरी करणारी मानी स्त्री दुर्गाबाई खोट्यांनीं त्यांत रंगविली आणि चित्रपट व्हेनिसच्या महोत्सवापर्यंत गेला. शांता आपटे ह्यांच्या तयार गळ्याला कृष्णरावांनीं त्यांत मोकळें रान दिलें. १९३७ च्या ‘वहां’विषयीं विशेष सांगण्यासारखें नाहीं. १९३८ च्या ‘गोपालकृष्णा’त मात्र गोकुळाची सगळी खेळकर हवा गाण्यांत उतरली; त्यांत कृष्ण झालेला मुलगा म्हणजे पुढें पंडित म्हणून गाजलेले राम मराठे. हे पुढें कृष्णरावांचेच शिष्य झाले. ‘गोपालकृष्णा’तलीं कांहीं गाणीं आज ऐकतांना अजून नाटकाच्या रंगमंचावरच घोटाळतात असें वाटतें, हेंहि येथें नमूद करणें प्रामाणिकपणाचें होईल.

तो घोटाळा पुरता सुटला ‘माणूस’मध्यें. १९३९ सालचा हा बोलपट. पोलिसांतला शिपाई गणपत आणि कोठ्यावरची मैना ह्यांची ती गोष्ट. शाहू मोडक व शांता हुबळीकर ह्यांच्या त्या भूमिका. ह्यांत मैनेचें एक गाणें आहे, उद्याची चिंता कशाला असें विचारणारें. कोठ्यावर येणारें गिऱ्हाईक अठरापगड प्रांतांचें, म्हणून गाण्याचीं कडवींहि तेलुगु, तामिळ, गुजराती अशा निरनिराळ्या भाषांत येतात. आतां ही कल्पना विनोदी खरी. पण संगीतकारापुढचा पेंच पाहा. प्रत्येक कडव्याला त्या त्या प्रांताचा ढंग यावयास हवा, आणि तरी सगळें मिळून गाणें एक राहावयास हवें. कृष्णरावांनीं तें साधलें. वरून हंसणारी आणि आंतून रिती झालेली ती बाई त्या उडत्या चालींतून जशी दिसते तशी संवादांतून दिसत नाहीं. ख्यालगायकींत मुरलेल्या मनुष्यानें वेश्येच्या कोठ्यावरचें गाणें इतक्या सहृदयतेनें बांधावें, ह्याचा आम्हांस आजहि अचंबा वाटतो.

येथें घरची एक गोष्ट सांगण्याचा मोह आवरत नाहीं. आमचे आजोबा निजामी अमदानींत ह्या शहरांत वकिली करीत. गुलमंडीच्या आंतल्या बाजूस आमचा वाडा, माणसें पंचवीसएक. आजोबांस बालगंधर्वांचें वेड. ‘कान्होपात्रा’च्या तबकड्या ते स्वतःच्या हातानें पुसून ठेवीत. बोलपटाचें नांव मात्र त्यांच्यासमोर काढण्याची सोय नव्हती. १९४१ सालीं ‘शेजारी’ निघाला. आमची आत्या तेव्हां चौदा वर्षांची होती. ती पुण्यास मामाकडे गेली असतां तिनें तो पाहिला, आणि परत आल्यावर माजघरांत फुलवाती वळतांना त्यांतलें चांदण्या रात्रीचें समूहगीत गुणगुणूं लागली. आजोबांनीं ओसरीवरून ऐकलें मात्र, “बोलपटांतलीं उठवळ गाणीं ह्या घरांत चालावयाचीं नाहींत” म्हणून गरजले. आत्या रडून मोकळी झाली. मग आमचे थोरले काका पुढें झाले. त्यांनीं आत्यानें आणलेली बोलपटाच्या गाण्यांची पुस्तिका आणि आजोबांच्या कपाटांतली ‘कान्होपात्रा’ची पद्यावली, दोन्ही त्यांच्यापुढें ठेविल्या व म्हणाले, “अण्णा, चाली कोणाच्या आहेत तेवढें वाचावें.” आजोबांनीं चष्मा लाविला, वाचलें, आणि कांहीं न बोलतां ते आंत निघून गेले. दुसऱ्या दिवशीं संध्याकाळीं त्यांनीं आत्याला हांक मारून एवढेंच म्हटलें, “तें कालचें म्हण पाहूं. अंतऱ्याला सूर कमी पडत होता तुझा.”

‘शेजारी’ची कथा वाचकांस ठाऊक असेल. जीवा पाटील आणि मिर्झा हे दोन जीवश्चकंठश्च शेजारी; धरणाच्या बांधकामापायीं त्यांच्यांत वितुष्ट पाडलें जातें, आणि शेवटीं फुटणाऱ्या धरणाच्या लोंढ्यांत दोघे एकमेकांस कवटाळून वाहून जातात. मराठींत पाटील केशवराव दाते झाले होते व मिर्झा गजानन जागीरदार. हिंदी आवृत्तींत तर ठाकूर हा हिंदु मजहरखां ह्यांनीं व मिर्झा जागीरदारांनीं रंगविला होता. ह्या अदलाबदलींतच केवढा अर्थ भरला आहे! आत्याच्या त्या गाण्यांत सगळें गांव चांदण्यांत नाचतें. तें नुसतें मनोरंजन नाहीं. पुढें काय मोडावयाचें आहे तें आधीं मन भरून दाखविलें आहे. जी ओळ कोणालाहि, अगदीं सूर नसलेल्यालाहि, घोळक्यांत उभें राहून म्हणतां येईल अशी ओळ बांधणें हें तानबाजीहून अवघड असतें.

त्यानंतर शांतारामबापूंनीं ‘प्रभात’ सोडून मुंबईस ‘राजकमल’ काढलें. १९४४ सालीं त्या संस्थेचा ‘भक्तीचा मळा’ निघाला, दिग्दर्शक केशवराव दाते. आणि त्यांत सांवता माळी झाले स्वतः मास्तर कृष्णराव. चाळिशी उलटून गेल्यावर त्यांनीं पडद्यावर मुख्य भूमिका केली. चालीहि त्यांच्याच. अरण गांवचा हा माळी संत, पंढरीस न जातां मळ्यांतल्या भाजीपाल्यांतच विठ्ठल पाहणारा. ‘संत सखू’त विठोबा झालेला मुलगा तीस वर्षांहून अधिक काळानें विठोबाचा भक्त होऊन उभा राहिला. नट म्हणून कृष्णराव फार मोठ्या पायरीचे होते असें आम्ही म्हणणार नाहीं. दात्यांसारखी दृष्टींतून बोलण्याची किमया त्यांच्यापाशीं नव्हती. परंतु ते गावयास लागले कीं अभिनयाची उणीव राहत नसे. खुरपें हातांत धरून गाणारा तो मनुष्य मळ्यांतलाच वाटतो.

ह्याच सुमारास, १९४२ सालीं, नाट्यनिकेतनच्या ‘कुलवधू’ला त्यांनीं चाली दिल्या आणि ज्योत्स्नाबाई भोळ्यांच्या कंठांतून त्या घरोघर गेल्या. पन्नास पन्नास पदें म्हणणारें जुनें नाटक मरत होतें. मोजकीं पदें, छोटे तुकडे, सहज बोलल्यासारखें गाणें, ही नवी तऱ्हा त्यांत आली. चित्रपटानें शिकविलेली काटकसर त्यांनीं रंगभूमीला अशी परत नेऊन दिली. ‘प्रभात’साठींहि १९४५ सालीं त्यांनीं ‘लाखाराणी’चें संगीत केलें, पण तेव्हां त्या संस्थेचा बहर ओसरला होता.

पंडित मंडळी त्यांच्यावर प्रसन्न नव्हती. मैफलींत नाट्यपद गातात, रागांची सरमिसळ करतात, बोलपटांत गेले, असे आक्षेप. त्यांतला पहिला आम्हांस मुळींच मान्य नाहीं. दुसऱ्यांत तथ्य असेलहि. पण ज्या मनुष्यानें ‘रागसंग्रहमाले’चे सात भाग लिहून शेंकडों बंदिशी स्वरलिपींत बांधून ठेविल्या, त्याला विद्येची चाड नव्हती असें कोण म्हणेल? योगिनी जोगळेकरांसारख्या विदुषीनें त्यांच्यापाशीं शिक्षण घेतलें, तें कांहीं सिनेमाच्या गाण्यांसाठीं नव्हे.

त्यांच्या आयुष्यांतली मोठी लढाई मात्र चित्रपटाबाहेरची होती. ‘वंदे मातरम्’ला त्यांनीं झिंझोटींत चाल दिली होती. परकीय अमलांत मुंबईच्या नभोवाणीवर तें गीत म्हणूं लागतांच प्रक्षेपण थांबविण्यांत आलें. तेव्हां त्यांनीं नभोवाणीवर बहिष्कार घातला तो स्वातंत्र्य येईपर्यंत. पुढें राष्ट्रगीत कोणतें असावें हा प्रश्न निघाला. हें गीत बँडवर वाजविण्यास सोयीचें नाहीं असा पंडित नेहरूंचा आक्षेप होता. कृष्णराव रुसून बसले नाहींत. त्यांनीं इंग्रज बँडमास्तरांची मदत घेऊन आपली चाल बँडच्या वाद्यांवर बसविली, दिल्लीस जाऊन घटना समितीच्या सभासदांपुढें तें गीत गाऊन व वाजवून दाखविलें. चित्रपटांत वाद्यमेळाशीं केलेली दहा वर्षांची झटापट येथें उपयोगी पडली असेल. निर्णय २४ जानेवारी १९५० रोजीं झाला. ‘जनगणमन’ राष्ट्रगीत ठरलें व ‘वंदे मातरम्’ला समान मान देण्यांत आला. मान मिळाला, पण ज्यासाठीं झटले तें मिळालें नाहीं.

ह्यानंतरचें त्यांचें एक काम आमच्या शहराला विशेष जवळचें आहे. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनीं १९५० सालीं येथें मिलिंद महाविद्यालय सुरू केलें, हें सर्वश्रुत आहे. १९५६ च्या ऑक्टोबरांत नागपुरास धर्मांतराचा सोहळा व्हावयाचा होता, त्यासाठीं पाली बुद्धवंदनेला चाल लावण्याचें काम बाबासाहेबांनीं मास्तर कृष्णरावांकडे सोंपविलें, आणि आळंदीच्या वैदिक घरांत जन्मलेल्या ह्या गवयानें तें आदरपूर्वक केलें. वंदना ध्वनिमुद्रित झाली. ‘धर्मात्म्या’च्या चाली बांधतांना नाथांच्या पंक्तीला जें गाणें त्यांनीं बसविलें होतें, त्याची आठवण त्यांस त्या वेळीं झाली असेल काय?

१९७१ सालीं त्यांस पद्मभूषण मिळालें, पुढच्या वर्षीं संगीत नाटक अकादमीचा सर्वोच्च सन्मान मिळाला, आणि २० ऑक्टोबर १९७४ रोजीं पुण्यास ते निवर्तले.

आजोबांच्या तबकड्यांचा डबा अजून आमच्या घरीं आहे. ‘कान्होपात्रा’च्या एका तबकडीला कडेकडेनें चीर गेली आहे, सुई तेथें दोनतीनदां अडखळते, सुरवातीची आलापी पुरती ऐकूं येत नाहीं. आत्या होती तोंवर तबकडी लाविली कीं तेवढा भाग ती स्वतः म्हणत असे, आणि सुई चिरेपलीकडे गेली कीं थांबत असे.